रास्कासच्या टाकीतलं तेल

गुलवेन केरब्राचा विश्वास फक्त इंजिनांवर होता. इंजिन बिघडलं की खोकतं, धूर ओकतं, सरळ तोंडावर सांगतं. माणूस बिघडला की उलट जास्तच गोड बोलायला लागतो, असं त्याचं म्हणणं. 'रास्कास' पाणबुडीवरचा तो मुख्य मिस्त्री. ब्रेतान्यच्या किनाऱ्यावरचा, चाळिशी उलटलेला, आणि कपाळावर कायमची आठी. पण बेचाळीस सालच्या त्या उन्हाळ्यात तुलाँ बंदरात बिनआठीचं कपाळ होतं तरी कुणाचं?

फ्रान्सने हार मानून दोन वर्षं झाली होती. उत्तरेत जर्मन बसले होते, आणि दक्षिणेतलं आरमार तुलाँमध्ये दाव्याला बांधून ठेवलेलं. रास्कासही तशीच मुरियाँच्या धक्क्याला बांधलेली. कधीकाळी ही बोट फ्रान्सचा झेंडा मिरवत अर्ध्या जगाला वळसा घालून आली होती. आता तिचे टॉर्पेडो काढून नेले होते, निम्मे लोक घरी पाठवले होते आणि तेल मिळायचं तेही मोजूनमापून, आठवड्यातून एकदा इंजिन फिरवून बॅटऱ्या जिवंत ठेवण्यापुरतं. त्यावर देखरेखीला तहाच्या नियंत्रण मंडळाचे इटालियन अधिकारी. चकचकीत बूट घालून यायचे, टाक्यांत मोजपट्टी बुडवायचे आणि नाकाला रुमाल लावून परत जायचे.

तिच्या बरोबरीच्या बोटींचं काय झालं ते गुलवेनला पाठ होतं. कुणी डाकारसमोर इंग्रजांच्या हातून बुडाली, कुणी सीरियाच्या किनाऱ्याजवळ, कुणी मादागास्करला. एखाददुसरी लंडनहून लढणाऱ्या फ्रेंचांना जाऊन मिळाली आणि इथे तिचं नाव काढायची चोरी झाली. उरलेल्या इथे गंजत पडलेल्या. रास्कासचं असं मरण गुलवेनला बघवणार नव्हतं.

आणि म्हणूनच ते तेल होतं. ज्या टाकीत कागदोपत्री समुद्राचं पाणी भरलेलं होतं, तिच्यात प्रत्यक्षात इंजिनाचं तेल होतं. दर खेपेला डेपोतून तेलाची गाडी यायची ती कागदावरच्या आकड्यापेक्षा थोडं जास्तच घेऊन. ते जास्तीचं गुलवेन एकटा, स्वतःच्या हाताने त्या टाकीत सोडायचा. बोटीवर हे फक्त दोघांना ठाऊक होतं, त्याला आणि कप्तान शोमेलना. जर्मन दक्षिणेत उतरलेच तर आफ्रिकेपर्यंत पोचायला ते तेल पुरणार होतं. त्याआधी कुणी चुगली केली तर बोटही गेली, कप्तानही गेले आणि गुलवेनही आत. डेपोवाले जास्तीचं का देतात, हे त्याने एकदा विचारलं होतं. कप्तान म्हणाले होते, ते माझ्याकडे राहू दे.

मेमध्ये शेजारच्या बोटीवर असंच लपवलेलं तेल पकडलं गेलं. इटालियन आले ते थेट त्या टाकीशी जाऊन उभे राहिले. तिच्या कप्तानाला त्याच दिवशी उतरवलं आणि तो कुठे गेला ते कुणी विचारलं नाही. त्या दिवसापासून धक्क्यावर कुणी कुणाकडे सरळ बघेना. कुणी जास्त सिगारेटी ओढल्या तर त्या आल्या कुठून, कुणी कमी ओढल्या तर तो पैसे कशाला साठवतोय, असं सगळं. गुलवेनच्या मनात वेगळीच पाल चुकचुकली. तपासणी रास्कासवर यायची तेव्हा सगळं कसं जागच्या जागी असायचं. आदल्याच दिवशी कप्तानांनी काहीतरी निमित्त काढून तेल दुसरीकडे फिरवायला लावलेलं असायचं. एकदा झालं, दोनदा झालं. असं सारखं सारखं नशीब उघडतं का कुणाचं? गुलवेनच्या मते उघडत नाही. कुणीतरी आपल्याला मुद्दाम मोठं होऊ देतंय, जाळं सावकाश ओढायचं म्हणून.

मग त्याची नजर स्वयंपाक्यावर गेली.

ओनोरा आन्फोसी नीसकडचा. आडनावच इटालियन, आणि मावशी सीमेपलीकडे राहायची, हे तो स्वतःच हसत हसत सांगायचा. गोल चेहऱ्याचा, गुळगुळीत बोलणारा, तिशीचा गडी. आख्खं तुलाँ गुरांना घालायचे कंद उकडून खात होतं आणि रास्कासवर मात्र दर रविवारी कोंबडी शिजायची. कोंबडीला कधी पंख नसत, तंगडी नसे, हाडं काढून बारीक तुकडे केलेले. रश्शात ऑलिव्ह आणि रानातला ओवा. खलाशी बोटं चाटत. गुलवेनही चाटायचा, वर दुसऱ्यांदा वाढून घ्यायचा, आणि मग घास चघळता चघळता विचार करायचा की ही कोंबडी देतं कोण आणि कशाच्या बदल्यात.

आन्फोसी रोज दुपारी सालपटांची पिशवी घेऊन बोटीवरून उतरायचा. सालपटं टाकायला बंदरात जागा नव्हती का? संध्याकाळी परत यायचा तेव्हा हातांवर ओरखडे आणि पँटला गवत. बायकोकडे गेलो होतो म्हणायचा. गवतात बसवणारी बायको गुलवेनने पाहिलेली नव्हती.

इथे एक गोष्ट सांगितली पाहिजे. फ्रेंच जहाजावर एका जनावराचं नाव घेत नाहीत. ते लांब कानांचं, लाकूड आणि दोर कुरतडणारं. पूर्वी कधीतरी त्याने जहाजाचं बूड पोखरलं होतं म्हणतात. खरं खोटं देव जाणे, पण तेव्हापासून जहाजावर ते आणायचं नाही, खायचं नाही आणि त्याचा उच्चारही करायचा नाही. फारच गरज पडली तर 'लांबकान्या' म्हणायचं आणि लगेच लोखंडाला हात लावायचा. शहरातले अधिकारी यावर हसतात, पण हळूच. आणि ब्रेतान्यचे लोक तर मुळीच हसत नाहीत. गुलवेनचा धाकटा भाऊ शेरबूरसमोर बुडालेल्या एका बोटीवर गेला होता. आदल्या संध्याकाळी त्या बोटीवर कुणीतरी त्या जनावराचं गाणं म्हटलं होतं, असं नंतर गुत्त्यात कुणीतरी सांगितलं. गुलवेन अडाणी नव्हता. बोट कशाने बुडते ते त्याच्याइतकं कमी लोकांना कळत असेल. पण भावाचं प्रेतही न मिळालेल्या माणसाला काहीतरी धरून ठेवायला लागतं, त्याने हे धरून ठेवलं होतं. रास्कासवर एका नवख्याने तो शब्द उच्चारला तेव्हा गुलवेनने त्याचं सामान धक्क्यावर फेकलं होतं आणि त्याची बदली होईपर्यंत त्याला इंजिनाच्या खोलीत पाऊल टाकू दिलं नव्हतं. सगळ्यांनी तेव्हाच कानाला खडा लावला. आन्फोसीनेही.

सप्टेंबरात गुलवेनने त्याला गाठलं. बोटीचं स्वयंपाकघर म्हणजे कपाटाएवढी जागा. गुलवेन दारात उभा राहिला की आतल्याला बाहेर पडायची सोय नाही.

"दुपारी जातोस कुठे?"

"पाय मोकळे करायला, मिस्त्री."

"पाय मोकळे करून हातांवर ओरखडे येतात?"

आन्फोसीने हात एप्रनखाली घेतले. तो हसायला गेला आणि हसू अर्ध्यावरच थांबलं. "मिस्त्री, तुम्ही दुसरं काहीही विचारा. हे बोटीवर नाही सांगता येत."

"मग खाली चल. धक्क्यावर सांग."

"धक्क्यावरसुद्धा नको. तुम्हाला तर नकोच." एवढं बोलून त्याने मान वळवली आणि पातेलं ढवळायला लागला. "एक दिवस मीच सांगेन. आईची शपथ."

तुम्हाला तर नकोच. हे शब्द गुलवेनने दिवसभर मनात घोळवले. चोराने चोरी कबूल करायला याहून जास्त काय बोलायचं असतं?

दोन दिवसांनी तो त्याच्या मागे गेला. लख्ख ऊन होतं. आन्फोसी गावाबाहेर पडून फाराँ डोंगराच्या उतारावर चढला, वाटेत वाकून वाकून गवत उपटून पिशवीत भरत. वेड पांघरायला बरं पडतं ते, गुलवेन मनात म्हणाला. वर पडक्या कुंपणाआड एक खोपटं होतं, पत्र्याचं, दाराला कुलूप. आन्फोसी आत गेला. गुलवेन ऑलिव्हच्या झाडामागे टेकला. आतून आवाज आला. ठक. मग थोडं थांबून ठक, ठक. मग परत शांत. तारायंत्राची कळ त्याने आयुष्यभर ऐकली होती, तिचा आवाज असा जड नसतो, हे त्याला एरवी समजलं असतं. त्या दिवशी त्याला जे ऐकायचं होतं तेच ऐकू आलं.

थोड्या वेळाने खालून एक मोटार आली. नियंत्रण मंडळाची मोटार, धक्क्यावरच्या पोराटोरांनाही ओळखू येणारी. तिचा इटालियन ड्रायव्हर उतरून खोपटाशी आला. आन्फोसीने त्याला एक बांधलेली पोतडी दिली. दोघं गुडघ्याला गुडघा लावून बोलत बसले, ड्रायव्हरने बोटांवर काहीतरी मोजून दाखवलं, आन्फोसीने मान डोलावली. मग दोघं हसले आणि गळाभेट घेतली. गुलवेनने आणखी काही बघितलं नाही. बघायची गरजच उरली नव्हती.

तो तडक कप्तानांकडे गेला. शोमेल म्हणजे सडपातळ, हळू बोलणारा माणूस, पॅरिसकडचा, पण खलाशांचं मन राखून वागणारा. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. खोपटं, ठकठक, ड्रायव्हर, पोतडी. गुलवेनला वाटलं होतं की साहेब उठून पिस्तूल काढतील. ते समोरच्या नकाशाकडे बघत बसले आणि त्यांच्या ओठांच्या कोपऱ्यात चक्क हसू आलं.

"आन्फोसीचं मला माहीत आहे, केरब्रा. त्याच्या वाटेला जाऊ नका."

"माहीत आहे म्हणजे काय माहीत आहे, साहेब?"

"ते बोटीवर बोलण्यासारखं नाही. निदान तुमच्याशी नाही. माझ्यावर भरवसा ठेवा."

झालं. हेच शब्द स्वयंपाक्याचे आणि हेच कप्तानांचे. गुलवेन सलाम ठोकून बाहेर आला तेव्हा त्याचे कान तापले होते. साहेबही त्यात आहेत असं म्हणायला त्याची जीभ रेटेना. मग साहेबांना भुलवलंय. त्या गुळगुळीत बोलण्याने, त्या बिनपंखांच्या कोंबडीने. साहेब चांगल्या घरचे, त्यांना माणसाची लबाडी दिसत नाही. मग रास्कासवर डोळ्यांत तेल घालून बसायला कोण उरलं? तो एकटा. या विचाराने त्याला वाईट वाटलं आणि खोटं कशाला बोला, थोडं बरंही वाटलं.

नोव्हेंबरात अमेरिकन उत्तर आफ्रिकेत उतरले आणि तीन दिवसांत जर्मन दक्षिणेत शिरले. तुलाँला हात लावणार नाही असं त्यांनी जाहीर केलं. त्यावर ज्यांनी विश्वास ठेवला त्यांना गुलवेन बाजारातल्या मेंढरांत धरत होता. आता धक्क्यावर दुसरी भीती होती. वरून हुकूम होता की जर्मन आले तर जहाजं आपल्याच हाताने बुडवायची, त्यांच्या हाती पडू द्यायची नाहीत. प्रत्येक टाकीशी सुरुंग बांधून झाले होते. रास्कासवरही. गुलवेनने स्वतःच्या इंजिनांना स्वतःच्या हाताने सुरुंग बांधला आणि त्या रात्री जेवला नाही.

पण शोमेलनी गुपचूप माणसं बोटीवरच झोपायला बोलावली, बॅटऱ्या पूर्ण भरून घेतल्या, दोर हलकेच बांधायला सांगितले. कुणाला काही बोलले नाहीत आणि सगळ्यांना कळलं. बायका-पोरांचा निरोप न घेता माणसं धक्क्यावर परत येत होती. एकट्या आन्फोसीला मात्र रोज संध्याकाळी खाली उतरायची मुभा. पहाटेच्या आधी परत यायचं, एवढीच अट. गुलवेनने ते पाहिलं आणि दात आवळले. वर जाऊन तो काय सांगत असेल? रास्कास तयार आहे म्हणून. अमुक दिवशी निघेल म्हणून.

सत्तावीस तारखेला उजाडायच्या बरंच आधी गावाकडून रणगाड्यांची घरघर आली. मुरियाँच्या फाटकाकडे गोळीबार झाला. शोमेल वर मनोऱ्यात उभे होते, त्यांनी हळूच सांगितलं, दोर सोडा. आवाज न करणाऱ्या विजेच्या मोटारी सुरू झाल्या. गुलवेनची जागा खाली होती, पण मागच्या दोरापाशी माणूस कमी होता म्हणून तो वर आला होता. धक्क्यावर चढायची फळी अजून लावलेलीच होती.

फाटकाच्या बाजूने एक माणूस धावत आला. गोल डोकं, एप्रन तसंच, पायात एकच बूट. त्याच्या मागे, गल्लीच्या तोंडाशी, जर्मन गाड्यांचे दिवे वळत होते. गुलवेनने दोन्ही एकदमच पाहिलं, माणूस आणि त्याच्यामागचे दिवे, आणि त्याच्या डोक्यात ते एकमेकांना जोडले गेले. घेऊन आला. सरळ बोटीच्या दारात घेऊन आला.

गुलवेनने फळी ओढून घेतली.

आन्फोसी धक्क्याच्या कडेला येऊन थांबला. बोट आणि दगड यांच्यात अजून फार अंतर नव्हतं, दांडग्या माणसाने उडी मारली असती, पण तो धावून धावून वाकला होता, छाती धरून उभा होता.

"गुलवेन," तो म्हणाला. मिस्त्री नाही, नाव घेतलं. "मी आहे. फळी टाका."

गुलवेनने फळी हातात धरून ठेवली.

तेवढ्यात बोटीला हिसका बसला. मागचा दोर धक्क्यावरच्या खुंट्याला अडकून बसला होता. सोडायला खाली कुणीच नव्हतं. दोर ताणला, करकरला, बोट तिरकी व्हायला लागली. गुलवेन कुऱ्हाड आणायला ओरडला, कुऱ्हाड सापडेना. दिवे जवळ आले. आन्फोसीने एकदा गुलवेनकडे बघितलं आणि एकदा खुंट्याकडे. मग तो लंगडत खुंट्याशी गेला, दोन्ही हातांनी दोराचा फास वर उचलला, खांद्यावर घेऊन रेटला आणि पाण्यात टाकून दिला. रास्कास सुटली. दिव्याचा झोत धक्क्यावर पडला तेव्हा त्यात आन्फोसी हात वर करून उभा होता. मग गोळ्या सुरू झाल्या, गुलवेनने झाकण बंद केलं आणि खाली उतरला.

बंदराच्या तोंडाशी विमानांनी सुरुंग टाकले, एक इतक्या जवळ फुटला की दिवे गेले. मागे तुलाँमध्ये आरमार स्वतःला बुडवून घेत होतं, एकामागून एक धडाके पाण्यातून ऐकू येत होते. माणसं ते मोजत ऐकत होती, कुणी रडत होतं. मोठं जहाज कुठलं, छोटं कुठलं, कान लावून ओळखत होती. रास्कास तळाशी सरपटत बाहेर पडली.

आन्फोसी कुठे, असं कुणीतरी विचारलं. शोमेलनी सांगितलं की त्याची वेळ चुकली. गुलवेन इंजिनांपाशी बसला होता. त्याला सुटल्यासारखं वाटत होतं. फितूर मागे राहिला, बोट वाचली. हिशेब सरळ होता. फक्त तो दोर मध्ये येत होता. जर्मनांना बोट पकडून द्यायची तर दोर कशाला सोडायचा? मग त्याने स्वतःलाच समजावलं की बाहेर सुरुंग टाकायची तयारी होती, म्हणून जाऊ दिलं असेल. हे समजावणं पहिल्या दिवशी पटलं. दुसऱ्या दिवशी कमी पटलं. जेवायला कोरडी बिस्किटं होती.

दोन रात्री अंधारात चोरून इंजिनं चालवली आणि तिसऱ्या दिवशी सकाळी बोट उघडपणे पाण्यावर आली. आफ्रिकेचा किनारा दिसत होता, अल्जिएर्सच्या पांढऱ्या इमारती. आता लपायचं कारण नव्हतं, इंजिनं मोकळी धडधडत होती. शोमेल खाली इंजिनाच्या खोलीत आले. दाढी वाढलेली, डोळे लाल, पण चेहरा खुललेला.

तेल पुरलं का, त्यांनी विचारलं. पुरलं, वर थोडं उरलंही, गुलवेनने अभिमानाने सांगितलं.

"ते कुठून आलं ते आता सांगायला हरकत नाही. डेपोच्या फोरमनला चार मुलं, घरात खायला नाही. दर खेपेला त्याला दोन मिळायचे. मंडळाच्या ड्रायव्हरला एक. त्याच्या बदल्यात तो तपासणीचा दिवस सांगायचा. बिचाऱ्या त्यालाही उपाशी ठेवत होते, इटलीत काही दिवाळी चालली नव्हती."

"दोन काय, साहेब? एक काय?"

शोमेलनी क्षणभर इंजिनाकडे बघितलं. मग त्यांनी तो शब्द उच्चारला. बोटीवर, उघड.

"ससे, केरब्रा. आन्फोसी वर खोपट्यात ससे पाळायचा. तुम्ही ऐकलं ते त्यांचं पाय आपटणं. हे इंजिन सशांवर चाललंय."

गुलवेनचा हात आपसूक लोखंडाकडे गेला. लोखंड तापलेलं होतं, तरी त्याने हात काढला नाही.

शोमेल बोलत राहिले. रविवारची कोंबडीही तीच होती. अर्धी बोट ब्रेतान्यची, कळलं असतं तर माणसं दुसऱ्या दिवशी सामान घेऊन उतरली असती, आणि सगळ्यांत आधी मिस्त्री. आन्फोसीची तुमच्यासमोर बोलायची छाती नव्हती. खरं सांगायचं तर माझीही नव्हती. शेवटचे ते पंधरा दिवस तो रोज वर जायचा ते फोरमनला द्यायचे बाकीचे ससे पोचवायला, टाकी पुरती भरावी म्हणून.

"तो म्हणायचा, मिस्त्रींना मी आफ्रिकेत पोचल्यावर सांगेन. जमिनीवर, आधी भरपूर दारू पाजून. मग मारू देत मला."

गुलवेन ऐकत होता. त्याला ते हात आठवले, एप्रनखाली लपवलेले.

शोमेलनी आवाज खाली आणला. "मी मनोऱ्यातून पाहिलं. कुणीतरी धावत आलं. शेवटचा दोर त्यानेच सोडवला. तोच होता ना?" त्यांनी डोळे चोळले. "अंधार होता. मागे दिवे होते, डोळ्यांवर येत असतील. तुम्ही त्याला ओळखलं नसणार, केरब्रा."

ते उत्तर आयतं समोर ठेवलेलं होतं. नुसती मान हलवली की झालं. साहेबांनाही तेच हवं होतं, त्यांच्या डोळ्यांत ते स्पष्ट दिसत होतं. गुलवेनने आयुष्यभर लोकांच्या डोळ्यांत लबाडी शोधली होती, आता समोरचा माणूस त्याच्या डोळ्यांत काहीतरी शोधत होता.

"ओळखलं होतं, साहेब."

"त्याने हाक मारली?"

"मारली. नाव घेऊन. फळी टाका म्हणाला." गुलवेनने लोखंडावरचा हात काढला. "फळी माझ्या हातात होती. मी टाकली नाही. मला वाटलं त्यानेच त्यांना आणलं."

शोमेलनी टोपी काढली आणि परत घातली. त्यांच्या चेहऱ्यावरचं खुललेपण निघून गेलं होतं आणि गुलवेनकडे ते आता जसं बघत होते, तसं त्यांनी यापूर्वी कधी बघितलं नव्हतं.

"मी लोकांना सांगितलंय की त्याची वेळ चुकली," ते शेवटी म्हणाले. "ते आता तुम्ही जाऊन नीट करा. मी करणार नाही."

ते शिडी चढून गेले. गुलवेनने आधी हात पुसले, इंजिनाचा एक पेच आवळला जो आवळायची गरज नव्हती, आणि मग तो खलाशांच्या खोलीकडे निघाला. आत गलका होता. किनारा दिसल्यापासून सगळ्यांना भूक लागली होती, कोण पहिल्यांदा काय खाणार यावरून पैजा चालल्या होत्या. एकाने सरकून त्याच्यासाठी बाकावर जागा केली आणि विचारलं, मिस्त्री, तुम्ही काय खाणार? दुसरा म्हणाला, बिचारा आन्फोसी, आळशी लेकाचा, बायकोच्या कुशीत झोपून राहिला आणि बोट चुकला. त्यावर दोघंचौघं हसले.

गुलवेन बसला नाही. सगळे गप्प होईपर्यंत तो दारात उभा राहिला.

"आन्फोसी वेळेवर आला होता," तो म्हणाला.